तांबरीकडे उरलेला आवाज

५ जानेवारी, रविवार

मयुरी आज कतारगामहून सकाळीच आली आणि मोबाइलच्या काचेवर बोटाने माझी सही घेऊन मोकळी झाली. पोरगी सासरी गेली तरी माझ्या कारभारात लक्ष घालायचं सोडत नाही. मराठी गोष्टी ऐकवणारं एक पुण्याचं अ‍ॅप आहे, त्यांना माझी 'आरवणी' ही गोष्ट पसंत पडली. लिहायची मी, वाचायची रूपाली नावाच्या बाईंनी, आणि सगळ्यावर देखरेख प्रवीण नावाच्या माणसाची.

म्हणजे माझी गोष्ट लोक कानाने वाचणार. इथे एक अडचण आहे. ती या वहीपुरती लिहितो, दुसरीकडे बोलायची नाही. मला ऐकू येत नाही. उजवा कान साफ गेला आहे, डाव्यात फक्त धडधड पोचते. उधन्याच्या लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या, कारखान्यात जन्म काढल्यावर दुसरं काय होणार? पण हे कुणाला ठाऊक नाही, कारण कारखान्यात सगळेच ओठ बघून आणि हात हलवून बोलतात. बहिरा कोण आणि कानाचा धड कोण, हे तिथे शेठलाही सांगता यायचं नाही. कारखाना सुटल्यावर मी बाहेरही तसंच बोलत राहिलो. समोरच्याचं तोंड दिसलं की माझं भागतं.

आवाजाच्या जादूची गोष्ट लिहिणारा बहिरा आहे हे प्रवीणला कळलं तर तो ती दुसऱ्याकडून पुरी करून घेईल. करारात तसं कलम आहे, मी वाचलं. गोष्ट माझी आहे. मला ती कुणाच्या हातात द्यायची नाही. म्हणून गप्प बसायचं ठरवलं आहे.

चंद्रभागेने, म्हणजे बायकोने, विचारलं, "काय लिहायलाव एवढं?" मी म्हटलं, हिशोब. तिने मान हलवली आणि भाजी निवडायला बसली, माझ्याकडे तोंड करून.

८ जानेवारी, बुधवार

प्रवीणला फोनवर बोलायचं होतं. मी कळवलं, बमरोलीत नेटवर्क नसतं, काय ते लिहून पाठवा. त्याने विचारलं, "काका, तो जुना ग्रंथ नक्की कसा आहे? रूपालीताईंना डोळ्यांसमोर यायला हवा." मग बसून लिहिलं. बरं उतरलं आहे, म्हणून इथेही उतरवतो.

"अनुघोष हा ग्रंथ लिहिलेला नाही, विणलेला आहे. आरवणी देशात अक्षरं जन्माला येण्याआधी तो विणला गेला. उभे धागे आतड्याच्या तातीचे, आडवे तांब्याच्या तारेचे. रुंदी हातभर, आणि लांबी अशी की एका टोकाशी उभं राहिलं तर दुसरं दिसू नये. वाचणाऱ्याने अंगठ्याचं नख त्यावरून फिरवायचं. वीण दाट तिथे नाद जड निघतो, विरळ तिथे बारीक. तो नाद ऐकून तसाच गळ्यातून काढला की दगड सरकतो, वणवा विझतो, आटलेल्या विहिरीला पाणी येतं. पहिल्या पट्टीतच नियम विणला आहे: जो नाद देशील तो फळेल. जो फळेल तो तुला पुन्हा ऐकू येणार नाही."

हा ग्रंथ वाचणारी आमची तांबरी म्हातारी झाली आहे. वणवा विझवताना तिने पाखरांचा आवाज दिला, विहिरीसाठी घंटांचा. आता गावावर एक डोंगर कलला आहे आणि तिच्याकडे देण्यासारखे आवाज थोडेच उरलेत. अशी ही गोष्ट.

प्रवीणने लिहिलं, किमतीची कल्पना जबरदस्त आहे, कुठून सुचली? मी लिहिलं, जेवताना सुचली. खरंच तसंच झालं. माझ्या गोष्टींचा माझ्या आयुष्याशी काही संबंध नसतो, उगाच लोक शोधत बसतात.

१४ जानेवारी, उत्तरायण

गच्चीवर पतंग उडवायला सगळी सोसायटी. प्रत्येकाने स्पीकर लावलेला. मला छातीत ठोके लागत होते, तेवढ्यावर मी मान डोलावली. शेजारच्या प्रमिलाबाई उंधियु घेऊन आल्या आणि माझा खांदा हलवून, अगदी समोर उभं राहून म्हणाल्या, "भाऊ, गरम आहे, जपून." या बाईंना माणसाला हात लावून बोलायची सवय आहे. पूर्वी नव्हती.

१९ जानेवारी, रविवार

पहिल्या भागाचं रेकॉर्डिंग तपासायला आलं. लेखकाने ऐकून पसंती द्यायची अशी त्यांची पद्धत. मी दोन दिवस टाळलं. आज मयुरी आली आणि मोबाइलमध्ये काहीतरी टाकून दिलं. त्यात आवाजाचं चित्र दिसतं. आवाज चढला की रेघ उसळते, थांबला की सरळ होते. मी मागितलं नव्हतं. म्हणाली, "पप्पा, बघा ना, मस्त छे. टाइमपास."

टाइमपास कसला, मला हे चांगलंच उपयोगी पडलं. आयुष्यभर कापडातला दोष बघत आलो, वीण कुठे दाटली, कुठे विरळ झाली. ही रेघही तशीच वाचता येते. मजकूर समोर ठेवून दुपारभर बसलो आणि प्रवीणला कळवलं: 'वणवा' शब्दाआधी थांबा फार लांबला आहे, आणि शेवटची दोन वाक्यं दबली आहेत. त्याचं उत्तर आलं, "काका, काय कान आहे तुमचा!"

मला फार बरं वाटलं. चहा जास्तीचा मागून घेतला.

२३ जानेवारी, गुरुवार

फजिती. काल दगड सरकवण्याचा मंत्र आला होता. रेघ पहिल्यापासून शेवटपर्यंत उसळत होती, मधे श्वासाला जागा नाही. मी कळवलं, "उत्तम. रूपालीताईंनी जीव ओतला आहे." आज प्रवीणचा निरोप: "काका, माफ करा, चुकून दुसरी फाइल गेली. स्टुडिओत सुतारकाम चाललंय, ती करवत होती."

मग लिहिलं, "म्हणूनच म्हटलं, जीव ओतला आहे." गंमत केल्यासारखं. तो बराच वेळ काहीतरी टाइप करत होता, पण आलं ते एवढंच, "बरं काका."

निभावलं असावं.

२७ जानेवारी, सोमवार

आता प्रवीण नुसता आवाज पाठवत नाही, व्हिडिओ पाठवतो. रूपालीताई माइकसमोर बसून वाचतात, तोंडावर चांगला उजेड, माइक जरा बाजूला. ओठ स्वच्छ दिसतात. म्हणतो, स्टुडिओची नवी पद्धत आहे. डेटा फुकट जातो, पण माझं काम सोपं झालं. पुण्याची माणसं उधळी असतात, माझ्या पथ्यावर पडलं. शिवाय बाईंचा चेहरा बोलका आहे. 'पाखरं' म्हणताना त्या खरंच वर बघतात.

२ फेब्रुवारी, रविवार

मयुरीने घर बदलायला घेतलं आहे. माझी खुर्ची भिंतीला पाठ लावून दाराकडे वळवली. बेल दाबली की आता एक लाल दिवाही लागतो. विचारलं तर म्हणाली, "आजकल सब लगवाते हैं, पप्पा." सासरकडचं वारं लागलंय, पैसा बुडत असेल तिचा. तरी दिवा लागला की मी दार उघडतो आणि माझी अब्रू वाचते, हेही खरं.

१० फेब्रुवारी, सोमवार

'आरवणी' सुरू झाली. खाली लोक लिहितात. अकोल्याच्या कुणी लिहिलं, रोज बसमध्ये ऐकतो. एका बाईने विचारलं की तांबरीला दया का दाखवत नाही. सोसायटीत प्रमिलाबाई ऐकतात आणि दुपारी येऊन चंद्रभागेला सांगतात. चंद्रभागा मग मला सांगते, "तुमची म्हातारी लई हट्टी हाय म्हणं." मी विचारलं, तू नाही ऐकत? म्हणाली, "मला तुमी सांगितलीच की पैल्यांदा."

ते खरं आहे. गोष्ट आधी तिलाच सांगितली होती. आमची ओळखही बोलण्यातूनच झाली. ती त्याच कारखान्यात बॉबिन भरायला होती. ती पलीकडच्या दारात, मी लूमच्या रांगेत, मधे एवढा गोंगाट की स्वतःचा आवाज स्वतःला कळू नये. तिथून आम्ही दिवसभर बोलायचो. लग्नाचं विचारलं तेही तसंच, आणि तिने हो म्हटलं तेही. लोकांना वाटतं अशा जागी माणसं मुकी राहतात. उलट आम्ही दोघं फार बडबडे होतो. सगळ्यांसमोर बोलायचो आणि कुणाला पत्ता नसायचा.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

प्रवीणला शेवट हवा आहे. डोंगर थांबवायला तांबरीने शेवटचा उरलेला नाद द्यायचा, इतकं ठरलं आहे. तो विचारतो, "कुठला नाद, काका? सगळे तिथेच रडले पाहिजेत." रडवायचं काम मला जमत नाही, पण प्रश्न रास्त आहे. तो आवाज असा पाहिजे की ती देऊन टाकताना ऐकणाऱ्यालाच नको म्हणावंसं वाटेल. या रविवारच्या पुढच्या रविवारी लिहून देतो म्हटलं. त्याने लिहिलं, नाही दिलं तर त्यांच्याकडचा एक लेखक मदत करेल. फार गोड शब्दांत लिहिलं. मला अर्थ कळला.

१५ फेब्रुवारी, शनिवार

समुद्राचा लिहिला, खोडला. लेकराच्या रडण्याचा लिहिला, तो तर कुणीही लिहील. मग सरळ मार्ग धरला. तांबरीचा म्हातारा नवरा आहे गोष्टीत, मागे चूल फुंकत बसलेला असतो. त्याचा आवाज. सगळं गेलं तरी तिला घरात तेवढा ऐकू येतो.

पण आवाज म्हणजे कसा? रूपालीताई विचारतीलच. मी नमुना म्हणून चंद्रभागेचा आवाज लिहायला घेतला, कारण तोच रोज माझ्यासोबत असतो. लिहिलं: जरा खालचा, शब्दाच्या शेवटी ओढणारा, रागावली की बारीक होणारा. दोन पानं झाली. वाचून बघितलं तर सगळं पटलं. तरी प्रत्यक्ष नमुना पाठवलेला बरा. रेकॉर्ड करून पाठवतो, म्हणजे त्या तसा काढतील.

१७ फेब्रुवारी, सोमवार

मोबाइल बिघडला. चंद्रभागेला समोर बसवलं, मोबाइल मधे ठेवला आणि म्हटलं, काहीही बोल. ती बोलली. वांगी महागली, नणंदेकडे पत्रिका आली, जायचं का नाही ते सांगा, गावी हिंगोलीला घराचं छप्पर बघायला हवं. चांगलं दहा मिनिटं बोलली. रेघ सरळ. एक उसळी नाही. मी खोकलो तर लगेच उसळली. म्हणजे माइक अर्धवट चालतो, माझ्या बाजूचा चालू, तिच्या बाजूचा बंद. मोबाइल उलटा करून ठेवला, तरी तेच.

तिला म्हटलं, जरा जोरात बोल. तिने तोंड जास्त उघडून तेच वाक्य पुन्हा म्हटलं. रेघ सरळ.

रविवारी मयुरीला दाखवतो.

२३ फेब्रुवारी, रविवार

हे लिहावं की नाही, कळत नाही. लिहितो.

मयुरी आली. मोबाइल घेतला, "हॅलो, हॅलो" केलं, रेघ उसळली. म्हणाली, "चालू तो छे, पप्पा." मी म्हटलं, आईचा येत नाही. मोबाइल टेबलावर चालूच राहिला. चंद्रभागा मयुरीकडे वळून म्हणाली, "जेवूनच जा, भरीत केलंय." रेघ उसळली. मग माझ्याकडे वळून म्हणाली, "तुमी बी बसा लगेच, गार व्हायलंय." रेघ सरळ.

मी बघत राहिलो. जेवताना मोबाइल ताटाशेजारी ठेवला. मयुरीशी बोलली की उसळायची, माझ्याशी बोलली की सरळ. पुन्हा पुन्हा तेच. मयुरीने माझ्या तोंडाकडे पाहिलं, मग मोबाइलकडे, आणि तिचा घास तोंडातच राहिला. तिने हळूच मोबाइल उचलून पालथा घातला.

चंद्रभागा माझ्याशी बोलताना आवाज काढतच नाही. नुसते ओठ हलवते, कारखान्यातल्यासारखे.

मी पूर्ण जेवलो. भरीत चांगलं झालं होतं. लेकीला रिक्षापर्यंत सोडून आलो.

२४ फेब्रुवारी, सोमवार

सकाळी तिला विचारलं. केव्हापासून?

"काय की. तुमचा कारखाना सुटला त्याच्याबी आधीपासून असंल."

का?

ती कणीक मळत होती. हात थांबवले नाहीत. "तुमच्याशी बोलायला आवाज कामून लागतो? घसा दुखतो फुकट. तुमी तोंड बघताव, झालं."

म्हटलं, म्हणजे माझ्या कानाचं तुला ठाऊक होतं. ती हसली. "सगळ्या बमरोलीला ठाऊक हाय. तुमीच कुणाला कळू देईनाव म्हणून आमी बी गप."

मला राग आला. बहिरेपणाचा नाही, तो माझा आहे आणि मी त्याला सांभाळून आहे. राग याचा आला की मी एवढी वर्षं रोज एक आवाज ऐकत होतो, त्याची दोन पानं लिहिली, आणि तो कुठे नव्हताच. डोळ्यांनी बघायचो आणि आवाज मनाने भरायचो. खरा आवाज कसा होता ते आठवायला बसलो. आठवला नाही. तिचं तोंड आठवतं, दारातली उभी राहण्याची तऱ्हा आठवते. आवाज नाही. मला फार वाईट वाटलं. लग्नाच्या बायकोचा आवाज माझ्याकडून गेला आणि तो गेला त्या दिवशी मी काय करत होतो, तेही मला माहीत नाही.

तिची चूक काय? माझ्या सोयीचं केलं तिने.

२६ फेब्रुवारी, बुधवार

प्रवीणला शेवट पाठवला. रविवार उलटून गेला होता.

तांबरी अनुघोषाच्या शेवटच्या पट्टीवर नख ठेवते आणि म्हाताऱ्याचा आवाज द्यायला जाते, तर तो तिच्याकडे नसतोच. कधी गेला तिला कळलेलं नाही. कुठल्याच मंत्रात तिने तो दिला नव्हता, असाच गेला. आता द्यायला काही नाही. डोंगर कललेला आहे. ती ग्रंथ गुंडाळते, घरी जाते आणि म्हाताऱ्याला म्हणते, काहीतरी बोल. तिथे गोष्ट संपते.

खाली एक ओळ जोडली: "मला ऐकू येत नाही. पहिल्यापासून येत नव्हतं. रेकॉर्डिंग मी रेघ बघून तपासलं. करार मोडायचा असेल तर मोडा, पण हा शेवट बदलू नका."

उत्तराची वाट बघत बसलो नाही, बाजारात गेलो. परत आलो तर दोन ओळी होत्या. "काका, शेवट रूपालीताईंनी वाचला, व्हिडिओ उद्या पाठवतो. डोंगराचं काय होतं एवढं फक्त सांगा, लोक विचारतील."

कानांबद्दल एक अक्षर नाही. घाईत वाचलं नसेल.

मी कळवलं, डोंगर थोडं थांबेल.

१ मार्च, शनिवार

दुपारी चंद्रभागा खाटेवर पाय लांब करून बसली होती. मी मोबाइल मुद्दाम आत ठेवून आलो आणि तिच्यासमोर बसलो. म्हटलं, माझ्याशी बोलताना आवाज काढत जा.

"तुमाला यील का ऐकू?"

नाही येणार.

"मग?"

म्हटलं, तरी काढ. घरात असू दे.

तिने पाय आखडून मांडी घातली. मग बोलायला लागली. आधी लाजल्यासारखी, मग गळ्याच्या शिरा दिसायला लागल्या. नणंदेच्या पत्रिकेपासून सुरुवात केली आणि मागे मागे गेली. मयुरीच्या वेळी बाळंतपणात मी कारखान्यात थांबलो ते, तिची आई वारली तेव्हा मी काय म्हणालो ते, हे घर घेताना तिला विचारलं नाही ते. ओठांवरून मला सगळं कळत होतं, यातलं बरंच ती पूर्वीही बोलली होती. पण आज ती बोलताना मधेच थांबायची आणि कान दिल्यासारखं करायची. मग पुन्हा बोलायची. किती मोठ्याने बोलायचं ते तिला कळत नसावं.

लाल दिवा लागला. दार उघडलं तर प्रमिलाबाई, पदराला हात पुसत, घाबरलेल्या. माझ्या खांद्यावरून आत बघत त्यांनी विचारलं, "काय झालं? तुमच्या घरातून कोण ओरडतंय?"

चंद्रभागा खाटेवरून उठली नाही. मी वळून तिच्या तोंडाकडे बघितलं.

"कोणी नाही वो," ती म्हणाली. "आमी बोलायलोत."